आपल्या गळ्याची पट्टी, आपल्या हातची पेटी

काकडा जवळ आलाय आणि गावोगावच्या महिला भजनी मंडळांच्या तालमी सुरू झाल्यात. गेले काही आठवडे आम्ही रेकॉर्डरचा डबा घेऊन वाड्या-वस्त्यांवर फिरतोय, तुमची भजनं टिपून आणतोय. गाणाऱ्या बायका, टाळ बायकांचे, दोन-तीन ठिकाणी तर ढोलकीवर सुद्धा बायकाच. पेटीवर मात्र बहुतेक ठिकाणी पुरुष. कुणाचा दीर, कुणाचे शाळेतले गुरुजी, नाहीतर शेजारच्या गावाहून येण्याजाण्याचं भाडं देऊन बोलावलेला पेटीवाला.

त्यात वाईट काही नाही. पेटीवाल्यांनी आपली मंडळं उभी केलीत. पण केंद्रावर बसून ती भजनं पुन्हा ऐकताना आमच्या एक गोष्ट ध्यानात आली. मंडळ छान सुरू होतं, ध्रुपदापर्यंत सगळ्या जोरात असतात. मग चाल वर चढते आणि दहातल्या सहा बायका गप्प होतात. उरलेल्या चौघी गळ्याच्या शिरा ताणून ओरडतात. भजन संपलं की कुणी म्हणतं, "माझा गळाच गेला बाई," कुणी म्हणतं, "आता वय झालं." आम्हाला विचाराल तर यातल्या निम्म्याहून जास्त गळ्यांना काहीसुद्धा झालेलं नाही. पेटीच चुकीच्या पट्टीत लागलेली असते.

आता ही पट्टी म्हणजे काय? हा शब्द आपण दोन अर्थांनी वापरतो. बोटानं दाबायची ती पट्टी, आणि गाण्याचा सा जिथे धरला ती पण पट्टीच. पेटी समोर असेल तर उघडा. नसेल तर पोरांच्या खेळातला छोटा कीबोर्ड चालेल, मोबाइलवरचं पियानोचं चित्रही चालेल, रचना एकच असते. पांढऱ्या पट्ट्या सलग आहेत. काळ्या मात्र घोळक्यानं आहेत, आधी दोन, मग तीन, पुन्हा दोन, पुन्हा तीन. दोनच्या घोळक्यातल्या त्या काळी एक आणि काळी दोन. तीनच्या घोळक्यातल्या काळी तीन, काळी चार, काळी पाच. काळी एकच्या लगेच डावीकडची पांढरी ती पांढरी एक, तिथून उजवीकडे सात मोजायच्या. सात पांढऱ्या आणि पाच काळ्या, झाल्या बारा. पुढे तेच बारा पुन्हा, फक्त वरच्या आवाजात.

या बारांपैकी कुठल्याही पट्टीवर सा धरता येतो. पुरुषांचा गळा बहुतेक करून काळी एक, काळी दोनच्या आसपास खुलतो. बायकांचा काळी चार, काळी पाचच्या आसपास. पेटीवाल्यानं आपल्या सवयीनं काळी एक धरली की आपल्यापुढे दोनच वाटा उरतात. खालचा सा धरला तर आवाज पोटातच राहतो, पुढच्या ओळीत बसलेल्यांनाही ऐकू जात नाही. वरचा धरला तर तो काळी चारपेक्षा पाच पट्ट्या चढा पडतो, आणि अंतऱ्याला मघाशी सांगितलं तसं होतं. पेटीवाल्याला म्हणावं तर तो म्हणतो, तुम्ही जरा गळा फिरवा. खरी अडचण अशी की पुष्कळ जणांना एकाच पट्टीतून वाजवायची सवय असते. पट्टी बदलली की सगळी बोटं बदलतात, आणि ऐन कार्यक्रमात कुणाला ते नको असतं.

तेव्हा पहिलं काम, मंडळाची पट्टी शोधा. याला पेटी वाजवता यायची गरज नाही. एकीनं भाता हलवायचा आणि काळी चार, म्हणजे तीनच्या घोळक्यातली मधली, दाबून धरायची. पेटीवर काळी चार तीन-चार ठिकाणी सापडेल. आपल्या बोलण्याच्या आवाजाच्या जवळची जी वाटेल ती घ्या. सगळ्यांनी 'आ' लावून तो सा धरा. तिथून सारेगम म्हणत वरच्या सा पर्यंत जा, त्याच्याही पुढे वरच्या ग पर्यंत. मान ताठ झाली, हनुवटी वर गेली, तर पट्टी चढी आहे, काळी तीनवर या. मग सा पासून खाली उतरत खालच्या प पर्यंत जा. आवाज फुसका झाला तर पट्टी उतरी आहे, काळी पाच करून बघा. हे चार-पाच जणी मिळून करा, आणि त्यात एक म्हातारी आजी आणि एक तरणी सून असू द्या. आजींचा गळा बहुतेक खाली उतरलेला असतो. आणि काकड्याला पहाटे सगळ्यांचाच गळा जड असतो, तेव्हा संध्याकाळच्या पट्टीपेक्षा एक-दोन पट्ट्या खाली धरलेलं बरं.

मंडळाची पट्टी सापडली की पुढचा प्रश्न, त्या पट्टीत वाजवणार कोण? आमचं म्हणणं, तुमच्यातलीच कुणीतरी.

"या वयात बोटं वळतील का?" हा प्रश्न आम्हाला प्रत्येक वस्तीवर विचारला गेला. लहान पोराला पेटी शिकवताना आधी चाल शिकवावी लागते, मग बोटं. तुमच्या कानात चाळीस-चाळीस वर्षांच्या चाली भरलेल्या आहेत. स्वर चुकला की तुम्हाला न सांगता कळतं. पोराला जे दोन वर्षांत येतं त्यातलं अर्धं तुमच्याकडे आधीच आहे, बोटांना तेवढी वाट दाखवायची. निंदणी-खुरपणीनं हात राठ झालेत हे खरं. अनामिका आणि करंगळी सुरुवातीला ऐकत नाहीत. पण भजनाच्या पेटीला अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट एवढ्यावर पुष्कळ भागतं.

इथे थोडं पेटीबद्दल. पियानोच्या आणि पेटीच्या पट्ट्या सारख्याच, पण आतलं यंत्र निराळं. पियानोत पट्टी दाबली की आत हातोडी तारेवर आपटते, सूर निघतो आणि विरत जातो. पेटीत हवा असते. भात्यातली हवा पितळेच्या पातळ जिभेवरून जाते, जीभ थरथरते, आणि हवा आहे तोवर सूर टिकतो. गाणाऱ्याला टेकू द्यायला असा टिकणारा सूरच लागतो. हे वाद्य आपल्याकडचं नव्हे. पॅरिसच्या अलेक्झांडर दबें यानं १८४२ मध्ये हार्मोनियमचं पेटंट घेतलं. ते पायानं भाता मारायचं, खुर्चीवर बसून वाजवायचं वाद्य होतं. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कोलकात्यात हातानं भाता मारायची पेटी तयार झाली आणि ती जमिनीवर मांडी घालून बसणाऱ्यांची झाली. आपल्या संगीत नाटकात पायपेटी, म्हणजे ऑर्गन, टिकून राहिली. गोविंदराव टेंबे यांच्यासारख्यांनी पेटीला मान मिळवून दिला. आणि गंमत ऐका, आपण ही रेडिओवर बोलतोय म्हणून सांगतो, १९४० मध्ये आकाशवाणीनं पेटीला बंदी घातली होती! तिचे स्वर पक्के ठरलेले, दोन स्वरांमधली मींड तिच्यातून निघत नाही, असा आक्षेप होता. ती बंदी तीसेक वर्षं राहिली. भजनातून मात्र पेटी हलली नाही.

आता शिकायचं कसं ते.

पहिला आठवडा फक्त भाता. डाव्या हातानं भाता, उजव्या हातानं एकच काळी चार दाबून धरायची. सूर मध्येच फुगता कामा नये, मध्येच मरता कामा नये. पाळण्याची दोरी आपण कशी ओढतो, मूल झोपलेलं असताना? झटका न देता, एका लयीत. तसाच भाता. नव्या शिकणाऱ्या भाता फार मारतात, दम लागेपर्यंत. एवढी हवा लागत नाही. हे आठ दिवस कंटाळवाणे आहेत, पण ज्यांनी ते टाळले त्यांची पेटी पुढे हुंदके देत वाजते.

मग बोटं. पुस्तकांत बहुधा पांढरी एकपासून शिकवतात, कारण तिथून सातही शुद्ध स्वर पांढऱ्यावर येतात आणि समजायला सोपं पडतं. मास्तरही तेच शिकवतील. पण आपल्याला काळी चारमध्ये गायचंय, तर आमच्या मते सुरुवातही तिथूनच करावी. आणि ती हाताला अवघड नाही. बघा: सा काळी चार, रे काळी पाच, ग पांढरी एक, म काळी एक, प काळी दोन, ध पांढरी चार, नी पांढरी पाच, आणि वरचा सा पुन्हा काळी चार. बोटं अशी: सा वर तर्जनी, रे वर मधलं, ग वर अंगठा, म वर तर्जनी, प वर मधलं, ध वर अंगठा, नी वर तर्जनी, वरच्या सा वर मधलं. अंगठा दरवेळी पांढरीवर पडतो आणि दोन बोटं बहुतेक वेळा वरच्या काळ्यांवर. हाताची ठेवणच अशी असते. अंगठा मात्र बोटांच्या खालून न्यायचा, हात उचलून उडी मारायची नाही. सगळं कौशल्य या अंगठ्यात आहे. तो गुपचूप सरकला की स्वर तुटत नाही.

ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी एका मंडळानं झकास युक्ती काढलीय. कपाळाच्या टिकल्या! सा वर लाल, प वर हिरवी, बाकीच्या पाचांवर बारीक काळ्या-पिवळ्या. महिन्याभरानं आधी बारीक टिकल्या काढायच्या, मग हिरवी, शेवटी लाल. टिकल्या कायमच्या ठेवू नका, डोळे तिथेच चिकटतात आणि कान सुस्त होतो.

सारेग, रेगम, गमप असे तीन-तीन स्वरांचे अलंकार रोज वाजवा, आणि वाजवताना तोंडानं म्हणा. न म्हणता वाजवलं तर बोटांचा व्यायाम होतो, पेटी येत नाही. वेळ रोज पंधरा-वीस मिनिटं. रविवारी दोन तास बसून आठवडाभर हात न लावण्यापेक्षा हे कितीतरी बरं. गुडघे दुखत असतील तर पेटी टेबलावर ठेवून खुर्चीवर बसा, त्यात काही कमीपणा नाही.

अलंकार जरा बसले की लगेच एक चाल घ्या, सहा महिने थांबू नका. भूपात म आणि नी नसतात, सा रे ग प ध एवढेच पाच स्वर, म्हणून भूपातली एखादी सोपी चाल आधी धरावी. जात्यावरच्या ओवीची चालही चांगली, ती चार-पाच स्वरांतच फिरते. आधी चाल सावकाश गा, एका ओळीपुढे जाऊ नका. पहिला शब्द कुठल्या पट्टीवर सुरू होतो ते शोधा. मग दुसरा. चुकाल, पुन्हा शोधाल. कोमल स्वरांच्या चाली, भैरवी वगैरे, पुढे. कुणाला नीट शास्त्रानं शिकायचं असेल तर अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या परीक्षा आहेत, प्रारंभिकपासून सुरुवात होते. तालुक्याच्या गावी संगीत विद्यालय असेल तर चौकशी करा.

आणि एकीलाच शिकवू नका. पेटी वाजवणारी लेकीच्या बाळंतपणाला गेली की मंडळ पुन्हा पेटीवाल्याच्या दारात. दोघी तरी तयार करा. पहिलीला दोन अलंकार आले की तिनं ते दुसरीला शिकवायचे. शिकवताना तिचं स्वतःचंही पक्कं होतं. पेटी एकच असेल तर गटाच्या वहीत वार लावून घ्या, जशी बचतीची नोंद करता तशी. ज्या घरी पेटी, तिथेच जाऊन वाजवायचं, की पेटीच घरोघर फिरायची, हेही आधी ठरवा. पेटी फिरली तर ती लवकर बिघडते, पण सुनांना दुसऱ्याच्या घरी जाऊन बसायला मिळत नाही हेही आम्ही पाहिलंय. तिथे पेटी फिरलेलीच बरी.

विकत घेताना नवीच हवी असं नाही. जुनी चांगली पेटी वीस वर्षं सुद्धा चालते. सगळ्या खुंट्या बंद करून भाता मारून बघा. हवा लगेच निघून गेली तर भात्याचं चामडं गेलंय. मग खुंट्या उघडून, एकही पट्टी न दाबता भाता मारा. आपोआप सूर बोलला तर आत गळती आहे. त्यानंतर एकेक पट्टी दाबून प्रत्येक सूर ऐका. दुकानदार स्केल चेंजरची पेटी पुढे करेल. तिच्यात सगळ्या पट्ट्या डावी-उजवीकडे सरकतात, त्यामुळे बोटं तीच ठेवून पट्टी बदलता येते. ती जड, महाग आणि दुरुस्तीला किचकट. तुमच्या पेटीवाल्याला एकाच पट्टीतून येत असेल आणि पुढेही तोच वाजवणार असेल, तर मात्र तिचा उपयोग आहे.

पेटी चुलीच्या खोलीत ठेवू नका, धुरानं आणि वाफेनं सूर खराब होतात. पावसाळ्यात पट्ट्या फुगून अडकतात, तेव्हा रोज थोडी वाजवत राहायची. भात्याचं चामडं उंदरांना फार आवडतं, म्हणून लाकडी पेटाऱ्यात, जमिनीपासून वर. आणि एखादा सूर उतरला म्हणून सुरीनं खरवडायला जाऊ नका. जिभेचं टोक खरवडलं तर सूर चढतो, बूड खरवडलं तर उतरतो, आणि एकदा गेलेलं पितळ परत येत नाही. ते काम कारागिराचं.

पुढच्या गुरुवारी दुपारी याच वेळेला आम्ही केंद्रातून दहा मिनिटं नुसती काळी चार लावून ठेवणार आहोत. पेटी नसलेल्यांनीही रेडिओभोवती बसा आणि सा धरून बघा. कुणाला चढी पडली, कुणाला उतरी, ते मंडळाच्या नावासह कळवा.