‘टीएचएक्स ११३८’ : नियंत्रणाचा जमाखर्च आणि व्यक्तिस्वातंत्र्य

प्रस्तुत लेखात जॉर्ज ल्यूकस यांच्या ‘टीएचएक्स ११३८’ (१९७१) या विज्ञानपटातील नियंत्रणाच्या स्वरूपाचा विचार केला आहे. सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात शिकत असताना ल्यूकस यांनी १९६७ मध्ये याच कल्पनेवर सुमारे १५ मिनिटांचा प्रयोगशील लघुपट केला होता. हा चित्रपट म्हणजे त्याचाच विस्तार होय.

येथील भूगर्भनगरात माणसांना नावे नाहीत. अक्षरे आणि अंक आहेत. मस्तके मुंडित, वस्त्रे पांढरी, भावना बधिर करणारी औषधे सक्तीची आणि शरीरसंबंध हा गुन्हा. नायक (रॉबर्ट ड्युव्हॉल) यंत्रमानव-पोलीस जोडण्याच्या कारखान्यात राबतो. म्हणजे स्वतःचे पहारेकरी तो स्वतःच्याच हातांनी घडवीत असतो. सहनिवासिनी एलयूएच त्याच्या गोळ्या गुपचूप बदलते. औषधाचा अंमल उतरतो, सुप्त माणूसपण जागे होते आणि तेच त्याचे आरोपपत्र ठरते.

मन मोकळे करण्यासाठी नगरात कक्ष आहेत. समोर ख्रिस्ताची प्रतिमा आणि ध्वनिमुद्रित आवाजातील ठरावीक सांत्वन. ऐकणारे मात्र कोणीच नाही!

कारागृहाचे दृश्य हा या चित्रपटाचा गाभा मानावा लागेल. तेथे भिंती नाहीत, गज नाहीत. केवळ अमर्याद शुभ्र पोकळी. कैदी चर्चा करतात, योजना आखतात, पण जागचे हलत नाहीत. नायक मात्र चालू लागतो. वाटेत भेटलेल्या एका कैद्याकडून बाहेरचे दार सापडते. अडथळा भिंतीचा नव्हताच, असे येथे दिसते.

पाठलागाचा शेवट याहून बोचरा आहे. नायकाला पकडण्यासाठी मंजूर केलेली रक्कम संपते आणि यंत्रमानवांना परत बोलाविले जाते. ही सत्ता क्रूर नाही, द्वेष्टीही नाही. ती काटेकोर हिशेबनीस आहे. तिच्या लेखी माणूस म्हणजे खर्चाची एक बाब. मग त्याची सुटका हा व्यक्तीचा विजय म्हणावा की खतावणीतील एक खाते बंद होणे? चित्रपट उत्तर देत नाही.

सॅन फ्रान्सिस्को परिसरातील, तेव्हा बांधकाम चालू असलेल्या भुयारी रेल्वेमार्गांत काही चित्रीकरण झाले. भविष्यकाळ वर्तमानाच्या काँक्रीटमध्येच सापडला. सहलेखक वॉल्टर मर्च यांच्या ध्वनियोजनेत सूचना, आकडे व यंत्रांचा गुंजारव अखंड चालू राहतो. नजर मिटता येते, कान मिटता येत नाहीत.

वॉर्नर ब्रदर्सने प्रदर्शनापूर्वी चित्रपटाची काही मिनिटे कापली. २००४ च्या आवृत्तीत ल्यूकस यांनी संगणकीय दृश्यांची भर घातली. तीमुळे मूळचा रितेपणा उणावला, असे प्रस्तुत लेखकास वाटते. शेवटचे दृश्य मात्र कायम आहे : प्रचंड सूर्यबिंबापुढे एकटी मानवाकृती आणि एक उडता पक्षी.