थट्टा, टवाळी आणि पाणबुड्याचा टोप घातलेला गोरिला

गेल्या वर्षी मंडळाच्या एकांकिकांच्या संध्याकाळी मी शेवटच्या रांगेत बसले होते. फर्स्ट इयरच्या एका मुलाने स्वतः लिहून एक विज्ञान-एकांकिका बसवली होती. परग्रहावरून आलेला पाहुणा म्हणून तोच उभा. स्कूटरच्या हेल्मेटला चांदीचा कागद चिकटवलेला, वर छत्रीच्या दोन काड्या. तिसऱ्याच वाक्याला एक काडी लोंबकळायला लागली आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "रेंज गेली बघ!" आजूबाजूचे हसले. मग काय, मला जोर चढला. पुढची वीस मिनिटं माझी शेरेबाजी चालू. शेवटी तर पुढच्या रांगासुद्धा स्टेज सोडून मागे वळून बघत होत्या. नाटक संपलं तसा तो मुलगा हेल्मेट पिशवीत घालून बाजूच्या दाराने निघून गेला. यंदा त्याने नाव दिलेलं नाही.

हे आधीच सांगून टाकते. कारण ज्या कार्यक्रमाबद्दल लिहायला बसले आहे तो पहिल्यांदा बघितला तेव्हा मला वाटलं, अरे, हे तर मी केलं तेच की! पाच-सहा भाग बघितल्यावर लक्षात आलं की तेच नव्हे. दोन्हींत फरक काय, हे शोधता शोधता हा लेख झाला.

कार्यक्रमाचं नाव 'मिस्टरी सायन्स थिएटर ३०००'. अमेरिकेत मिनियापोलिस शहरातल्या केटीएमए नावाच्या एका छोट्या स्थानिक वाहिनीवर २४ नोव्हेंबर १९८८ रोजी तो सुरू झाला. कर्ता जोएल हॉजसन, हा मुळात स्टेजवर विनोदी कार्यक्रम करणारा कलाकार. वर्षभरात कार्यक्रम देशभर दिसणाऱ्या विनोदी वाहिनीवर गेला, १९९३ साली त्याला मानाचा पीबडी पुरस्कार मिळाला, पुढे साय-फाय वाहिनीवर १९९९ पर्यंत तो चालला. बंद पडल्यावरही चाहत्यांनी पिच्छा सोडला नाही. २०१५ मध्ये लोकवर्गणीतून ५० लाख डॉलरहून जास्त रक्कम जमली आणि २०१७ मध्ये तो नेटफ्लिक्सवर परत आला.

कथा अशी. एका संस्थेत झाडलोट करणाऱ्या साध्या माणसाला दोन वेडे शास्त्रज्ञ अंतराळातल्या एका यानात डांबतात. तिथे त्याला जगातले भिकारातले भिकार सिनेमे दाखवायचे आणि त्याचं डोकं कधी फिरतं याची नोंद ठेवायची, हा त्यांचा प्रयोग. माणूस एकटा. मग तो यानाचेच सुटे भाग काढून सोबतीला रोबो बनवतो. गंमत अशी की ज्या भागांनी सिनेमा सुरू-बंद करता आला असता तेच भाग त्याने वापरून टाकलेत! सोबत मिळाली, पण सिनेमा थांबवायची सोय गेली.

हे रोबो म्हणजे आपल्या गॅदरिंगच्या सामानातून उचलल्यासारखे. टॉम सर्वोचं डोकं म्हणजे गोळ्या-चॉकलेटं देणारं काचेचं यंत्र. क्रोची चोच म्हणजे बोलिंगच्या खेळातली प्लास्टिकची बाटली उभी चिरून केलेली, आणि डोळे पिंगपाँगचे चेंडू. मुद्दा लक्षात घ्या. जे दुसऱ्यांच्या पुठ्ठ्याच्या यानाला हसतात त्यांचं स्वतःचं यानही पुठ्ठ्याचंच आहे, आणि ते लपवायचा कोणी प्रयत्नही करत नाही.

सिनेमा सुरू झाला की पडद्याच्या खालच्या कडेला खुर्च्यांची काळी रांग दिसते आणि उजव्या कोपऱ्यात तीन सावल्या. एक माणूस, दोन रोबो. त्यांची पाठ आपल्याकडे. म्हणजे आपण त्यांच्या मागच्या रांगेत बसून तोच सिनेमा बघतोय. ही सगळ्यात साधी युक्ती आणि सगळ्यात मोठीसुद्धा. रात्री एकटीने लॅपटॉपवर बघतानासुद्धा आपण चौघे आहोत असं वाटतं.

आता शेरे. स्थानिक वाहिनीवर ते बहुतेक जागच्या जागीच सुचलेले असायचे. देशभर दिसायला लागल्यावर मात्र लेखकांची टोळी बसली. तोच सिनेमा पुन्हा पुन्हा लावायचा, थांबवायचा, कुठल्या क्षणाला काय बोलायचं ते लिहून काढायचं. दीड तासाच्या सिनेमात शेकडो शेरे. आणि ते पात्रांच्या दोन संवादांमधल्या फटीत बसले पाहिजेत, नाहीतर ज्याला हसायचं ते वाक्यच प्रेक्षकाला ऐकू येणार नाही. विचार करा, मूळ दिग्दर्शकानेसुद्धा आपला सिनेमा इतक्या वेळा बघितला असेल का? मी त्या संध्याकाळी काय केलं होतं? माझ्या शेवटच्या दहा शेऱ्यांच्या वेळी स्टेजवर काय चाललं होतं, ते आज मला आठवतसुद्धा नाही.

एक उदाहरण नीट बघूया. पहिल्या राष्ट्रीय हंगामात त्यांनी 'रोबॉट मॉन्स्टर' घेतला. १९५३ सालचा, थ्रीडी सिनेमा, चार दिवसांत उरकलेला. दिग्दर्शक फिल टकर, तेव्हा विशी-पंचविशीतला. परग्रहावरचा राक्षसी रोबो दाखवायचा होता, पण रोबोचा पोशाख परवडेना. जॉर्ज बॅरोज नावाच्या नटाकडे स्वतःचा गोरिलाचा पोशाख होता. झालं! गोरिलाच्या अंगावर पाणबुड्यासारखा गोल टोप, त्याला दोन अँटेना, की झाला परग्रहवासी. हा रो-मॅन एका गुहेच्या तोंडाशी टेबलावर यंत्र मांडून बसतो, आणि शेजारी साबणाचे फुगे उडवणारं मशीन. फुगे कशासाठी? कुणास ठाऊक. पण सिनेमाच्या श्रेयनामावलीत त्या मशीनचाही उल्लेख आहे.

पृथ्वीवर आठच माणसं उरलीत, तीही रो-मॅनला सापडत नाहीत. मधेच दुसऱ्या जुन्या सिनेमातून उचललेले डायनोसॉर भांडून जातात. आणि या सगळ्याला संगीत कोणाचं? एल्मर बर्नस्टीनचं. पुढे 'द टेन कमांडमेंट्स' आणि 'द मॅग्निफिसंट सेव्हन' यांचं संगीत देणारा तोच. आमच्या घरी ईस्टरच्या आठवड्यात 'टेन कमांडमेंट्स' लावतात, त्यामुळे हे कळल्यावर मी आईला हाक मारून सांगितलं. तिने फक्त विचारलं, "मग फुगे कोण उडवत होतं?"

हसून झाल्यावर मात्र एक गोष्ट दिसते. रो-मॅनला हुकूम आहे, सगळ्यांना मार. पण ॲलिस नावाची मुलगी त्याला आवडून बसली आहे. करायलाच हवं आणि करवत नाही, अशा कात्रीत सापडून तो एकटा उन्हात हातवारे करत बोलतो. गोरिलाचा घामट पोशाख, तोंड दिसत नाही, आणि आत एक खरा प्रश्न. जमलं नाही, ही गोष्ट वेगळी. पण टकरला काहीतरी सांगायचं होतं. सिनेमा आला त्याच वर्षाच्या अखेरीस टकरने आत्महत्येचा प्रयत्न केल्याची बातमी छापून आली. तो वाचला, पुढे अनेक वर्षं सिनेमाच्या संकलनाच्या बाजूला काम करत राहिला. पण ही गोष्ट वाचल्यापासून मला तो टोप नुसता टोप दिसत नाही. त्याच्या शेजारी चांदीचा कागद लावलेलं एक हेल्मेटही दिसतं.

वाईट सिनेमांना हसायचा छंद या कार्यक्रमाने काढला नाही. १९८० साली मेडवेड बंधूंच्या 'द गोल्डन टर्की अवॉर्ड्स' या पुस्तकात एड वुडच्या 'प्लॅन ९ फ्रॉम आऊटर स्पेस'ला आजवरचा सर्वांत वाईट सिनेमा ठरवून टाकलं होतं. या सिनेमाला पैसे बाप्टिस्ट चर्चच्या मंडळींनी दिले होते. मूळ नावात थडगी लुटणारे होते ते त्यांना रुचलं नाही म्हणून नावही बदललं. प्रसिद्ध नट बेला लुगोसी थोडंसंच चित्रीकरण करून १९५६ मध्ये वारला, तर वुडने बायकोच्या मणके बसवणाऱ्या डॉक्टरला उभं केलं, चेहऱ्यावर झगा धरून! पुस्तकात वाचताना हे सगळं नुसतं हास्यास्पद वाटतं. सिनेमा बघताना कळतं की आपल्या वारलेल्या मित्राची शेवटची काही मिनिटं त्याला टाकून द्यायची नव्हती. बक्षीस दुरून देता येतं, सोबत बसायला मात्र पूर्ण वेळ द्यावा लागतो.

आपल्या मराठीत या दोन हसण्यांना दोन शब्द आहेत. थट्टा आणि टवाळी. थट्टेत ज्याची थट्टा चालली आहे त्याला बसायला जागा असते. टवाळीत त्याला जागा नसते, तो फक्त समोर असतो. रामदासांनी विनोदाची आवड टवाळांच्या खात्यात टाकली, हे आपण शाळेपासून ऐकतो. पण आपल्याकडे थट्टेचीही मोठी परंपरा आहे. आचार्य अत्र्यांनी 'केशवकुमार' या नावाने रविकिरण मंडळाच्या कवितांची विडंबनं केली, 'झेंडूची फुले' हा तो संग्रह. विडंबन करायचं तर मूळ कवितेचं वृत्त, लकबी, लाडके शब्द सगळं पक्कं माहीत असावं लागतं. नुसतं 'भिकार आहे' म्हणायला कविता वाचावीही लागत नाही. ते तीन सावल्यांचं काम मला या परंपरेच्या जवळचं वाटतं. चांगल्या शेऱ्यातून सिनेमा कुठे फसला तेही कळतं. प्रकाश रात्रीचा की दिवसाचा, पात्र दारातून आत आलं की बाहेर गेलं, एवढ्या लांबलचक चालण्याची गरज होती का? वर्गात 'कथानकाची बांधणी' शिकताना जे डोक्यात शिरलं नव्हतं ते इथे हसता हसता शिरलं.

थट्टेचं घरचं उदाहरण द्यायचं तर आमच्या पॅरिशमधलं आहे. नाताळच्या नाटिकेत माझे मोठे काका वर्षानुवर्षं हेरोद राजा होतात. कापसाची दाढी दर वर्षी सुटते. मागून पोरं ओरडतात, "राजे, दाढी!" काका एका हाताने दाढी धरतात, दुसऱ्या हाताने बाळांना मारायचा हुकूम सोडतात. सगळा हॉल हसतो, आणि रात्री जेवताना ही गोष्ट सगळ्यात रंगवून सांगतात ते काकाच. इथे हसणारे आणि ज्याला हसले तो एकाच पंगतीला बसतात.

तीन सावल्यांचंही दर वेळी जमलंय असं नाही. १९९६ मध्ये त्यांनी मोठ्या पडद्यासाठी 'धिस आयलंड अर्थ' हा १९५५ सालचा सिनेमा निवडला. तो काही भिकार सिनेमा नव्हे. त्यातून त्यांनी तो बराच कापला आणि मग त्याला हसले. विज्ञानपटांच्या काही जुन्या चाहत्यांना ते लागलं, आणि मला त्यांचं पटतं. समोरच्याचं अर्धं बोलणं कापून मग त्याला हसणं म्हणजे मस्करीची कुस्करी.

मग नियम काय? मला सापडले ते तीन. एक, शेवटपर्यंत बघायचं. मधेच उठून जाणाऱ्याला शेरा मारायचा हक्क नाही. दोन, समोरच्याचं वाक्य ऐकू येऊ द्यायचं. तीन, आपलं यान पुठ्ठ्याचं आहे हे विसरायचं नाही. मी त्या संध्याकाळी तिन्ही मोडले होते. चौथी गोष्ट त्याहून मोठी. फिल टकरचा सिनेमा त्यांनी घेतला तेव्हा त्याला ३५ वर्षं होऊन गेली होती. माझ्या समोरचा मुलगा जिवंत उभा होता, अठरा वर्षांचा, पहिल्यांदा स्टेजवर.

गेल्या महिन्यात कँटीनमध्ये त्याला गाठलं. माफी मागायला गेले होते, पण तोंडातून आधी 'रोबॉट मॉन्स्टर'च निघाला. गोरिला, टोप, फुगे, सगळं सांगितलं. तो बराच वेळ ऐकत होता. मग म्हणाला, "ताई, त्यांचीपण अँटेना लोंबकळत होती काय?" मी म्हटलं, नाही, त्यांची घट्ट बसवली होती. "मग तुम्हाला माझं नाटक जास्त आवडायला पायजे होतं की." यावर मला उत्तर सुचेना. सॉरी तेवढं म्हटलं.

मंडळापुढे माझा एक प्रस्ताव आहे. जानेवारीत एका संध्याकाळी 'रोबॉट मॉन्स्टर' लावूया, पुढे तीन खुर्च्या ठेवूया आणि शेरे मराठीत लिहूया, आधी दोनदा सिनेमा बघून, फटी मोजून. एका खुर्चीसाठी त्या मुलाला विचारलं आहे. 'बघतो' म्हणालाय. हेल्मेट अजून घरी आहे, एवढंही म्हणालाय.