पुसलेले परत मिळते काय?

भिवंडीच्या यंत्रमागांचे सूत, मजुरी, येणे-देणे यांचे हिशेब आज अनेक पेढ्या सर्व्हरवर ठेवतात. तेथील सामायिक फोल्डरमधली फाईल आपण आपल्या टेबलावरील संगणकावरून पुसली, तर ती सहसा रिसायकल बिनमध्ये येत नाही. मग ती नष्ट झाली काय? लगेच नव्हे. खतावणीची अनुक्रमणिका फाडली तरी पाने उरतात, तसा चुंबकीय तबकडीवरील मजकूर त्यावर नवे लेखन होईपर्यंत टिकतो. म्हणून प्रथम त्या तबकडीवरील सर्व लेखन थांबवावे. शोधाचे साधनही तिच्यावर उतरवू नये. विंडोज सर्व्हर २००३ पासून जुन्या आवृत्त्या राखण्याची सोय आहे, पण ती आधीच चालू केलेली हवी. खरी भिस्त मात्र अन्यत्र ठेवलेल्या प्रतीवर. ती अधूनमधून उघडून पाहावी. म्हणजे पगाराच्या दिवशी कारागिरांसमोर निरुत्तर होण्याची वेळ आपल्यावर येणार नाही.