घराची निगा (भाग 14) : काचेच्या टाइलवरचे चरे

गेल्या आठवड्यात टाइलांच्या फटी भरण्याचं काम पाहिलं. आज खुद्द टाइलची काच. ओट्यामागे हौसेने बसवलेल्या काचेच्या टाइलवर वर्षभरात चरे दिसू लागले की जीव हळहळतो. पण लगेच पॉलिश आणायला धावू नका. रात्री दिवे मालवा, टॉर्च टाइलला जवळजवळ टेकवून तिरपी धरा आणि रेघेवरून बोट फिरवा.

बऱ्याचदा तो चरा नसतोच. यवतमाळकडे बोअरचं पाणी अनेक ठिकाणी जड. उडालेला थेंब वाळला की मागे क्षाराचा पांढुरका ओघळ राहतो. व्हिनेगरमध्ये भिजवलेलं फडकं पाच-दहा मिनिटं लावून ठेवलं की तो सुटतो. फटीतल्या सिमेंटला मात्र आंबट सोसत नाही, म्हणून लगेच भरपूर पाण्याने धुवा. राखाडी रेघ असेल तर बहुधा स्टीलचं भांडं घासून धातू काचेला चिकटलेला असतो. चरा तिथेही नाही.

खरा चरा पाडते ती रेती. मोसच्या काठिण्यश्रेणीत काच साडेपाचच्या आसपास, तर रेतीतली गारगोटी 7. घराचं बांधकाम झालं, वर्धेची नाहीतर पैनगंगेची रेती अंगणात उरली, तिचा एक कण फडक्यात अडकला, की झालं. राखेने, विटेच्या भुकटीने पितळ उजळतं. काचेवर तेच कण घात करतात. आधी धुवा, मग पुसा. हे मी प्रत्येकाला पुन्हा पुन्हा सांगतो.

चऱ्यात नख अडकत नसेल तर तो घरी काढता येतो. टूथपेस्टचा उपाय सोडा. तिच्यातला खडूसारखा कॅल्शियम कार्बोनेट काचेहून मऊ असतो. लागते ती सिरियम ऑक्साइडची पूड. पुण्याच्या आयुकात हौशी मंडळी दुर्बिणीचे आरसे घासतात, त्या कामातल्या शेवटच्या पॉलिशला हीच पूड वापरतात. ती नुसती घासत नाही. पाण्यासोबत काचेच्या पृष्ठभागावर रासायनिक कामही करते. गाडीच्या समोरच्या काचेसाठी मिळणाऱ्या पॉलिश किटमध्ये ती असते.

फटींवर चिकटपट्टी लावा, तोंडाला मास्क बांधा. पूड सायीइतकी दाट कालवून नमद्याच्या चकतीने, ड्रिल कमी वेगावर ठेवून फिरवा. फक्त रेघेवर घासलं तर तिथे खळगा पडून टाइलमधलं प्रतिबिंब वाकडं दिसतं, म्हणून आजूबाजूचा वीतभर भागही घ्या. पाणी शिंपडत राहा. कोरडी काच घासताना तापते आणि तडकते. मे महिन्यात पश्चिमेच्या भिंतीवर तर आधीच तापलेली असते, तेव्हा हे काम सकाळी करा. एका चऱ्याला अर्धा तासही लागतो.

टाइलची चमक वरच्या मुलाम्याची असेल तर पॉलिश मुळीच नको, मुलामाच निघून जाईल. आणि नख अडकत असेल तर ती टाइल बदलणंच बरं. त्यासाठी बांधकामाच्या वेळी उरलेल्या चार टाइला माळ्यावर आहेत का, ते आजच पाहून ठेवा. पुढच्या भागात जुनी टाइल शेजारची न फोडता कशी काढायची ते पाहू.