बोरघाटाच्या पायथ्याशी विश्वनागरिकत्व

इमॅन्युएल कांट या जर्मन तत्त्वज्ञाने १७९५ साली शाश्वत शांततेवर एक छोटेखानी ग्रंथ लिहिला आणि त्यात विश्वनागरिकत्वाचा, म्हणजे कोणत्याही एका राज्याचा प्रजाजन असण्याआधी मनुष्यमात्र या नात्याने प्रत्येकाला मिळणाऱ्या हक्कांचा, विचार एकाच कलमात आणून ठेवला. ते कलम होते आतिथ्याचे. पृथ्वी गोल असल्यामुळे माणसांना एकमेकांपासून अमर्याद दूर पांगता येत नाही, कधी ना कधी शेजार करावाच लागतो, आणि मुळात भूमीच्या कोणत्याही भागावर एकाचा दुसऱ्याहून अधिक हक्क नसतो, म्हणून परक्या मुलुखात पाऊल ठेवणाऱ्याला शत्रू न मानले जाण्याचा हक्क आहे, असे त्याचे प्रतिपादन होते. मात्र हा हक्क भेटीचा आहे, वस्तीचा नाही, हे त्याने तितक्याच स्पष्टपणे बजावले. व्यापारी वखारींच्या निमित्ताने हिंदुस्थानात फौजा आणून तेथील राज्यांना आपसांत लढवणाऱ्या युरोपीय राष्ट्रांचा त्याने याच कलमाखाली कठोर निषेध केला.

कोकणातून देशावर चढणाऱ्या बोरघाटाचे नाव कांटने घेतलेले नाही. परंतु तो ज्या प्रकारच्या व्यवहाराबद्दल लिहीत होता, तो आजच्या खालापूर तालुक्यातून, खोपोलीवरून घाट चढून गेला होता. डिसेंबर १७७४ मध्ये इंग्रजांनी साष्टी बळकावली आणि मार्च १७७५ मध्ये सुरत येथे पेशवेपदावर दावा सांगणाऱ्या रघुनाथरावांशी करार करून, साष्टी व वसईच्या मोबदल्यात, त्यांना पेशवाईच्या गादीवर बसवण्याचे पत्करले. दुसऱ्या राज्याच्या अंतर्गत कारभारात बळाने हात घालू नये, हे कांटच्या प्राथमिक कलमांपैकी एक आहे, आणि सुरतेचा करार हे त्याच्या भंगाचे नमुनेदार उदाहरण म्हणावे लागेल. या करारातून पेटलेल्या युद्धात मुंबईकर इंग्रजांची सुमारे चार हजारांची फौज, हजारो बैलांचा काफिला आणि अवजड तोफांसह, १७७८ च्या अखेरीस पनवेलहून निघाली, बोरघाट चढली आणि जानेवारी १७७९ मध्ये तळेगावपर्यंत पोचून तेथूनच मागे फिरली. मराठ्यांनी पुढचा मुलूख ओस पाडला होता आणि दाणागोटा मिळेनासा झाला होता. माघारीत वडगावला वेढले गेल्यावर इंग्रजांनी जो करार केला त्यात १७७३ पासून घेतलेला सारा मुलूख परत करण्याचे आणि रघुनाथरावांना स्वाधीन करण्याचे मान्य झाले होते. मुंबई सरकारने मात्र सही करणाऱ्यांना तसा अधिकारच नव्हता असे म्हणून तो फेटाळला. ज्या तहात पुढच्या युद्धाची सोय गुप्तपणे राखून ठेवलेली असते तो तहच नव्हे, हे कांटचे पहिले प्राथमिक कलम. १७८१ मध्ये जनरल गॉडार्डने पुन्हा घाट घेतला आणि त्यालाही नुकसान सोसून पनवेलकडे माघार घ्यावी लागली, म्हणजे वडगावच्या कागदाचे आयुष्य किती होते ते दिसते.

या युद्धात इंग्रजांशी झुंजणारे पेशवाईचे कारभारी नाना फडणीस यांनी खोपोलीला, नेमके घाटाच्या तोंडाशी, महादेवाचे देऊळ आणि मोठा तलाव बांधला. कोकण आणि देश यांच्यामधल्या वाटेवर वाटसरूला व बैलांच्या तांड्याला पाणी लागते, हे जाणून केलेले हे काम आतिथ्याच्या कलमाहून जुन्या परंपरेतले आहे. याच घाटाच्या माथ्यापलीकडे, कार्ल्याच्या लेण्यांत, यवन म्हणून नोंदलेल्या दात्यांची नावे खांबांवर कोरलेली आहेत, यावरून परक्याचे येणे-जाणे या वाटेला नवे नव्हते हे उघड होते.

कांट ज्या युरोपीय प्रबोधनकाळाचा होता, त्याच्या विचाराचे विश्वनागरिकत्वाखेरीज दुसरे अंग इतिहासाच्या तत्त्वज्ञानाचे, म्हणजे मानवजातीच्या एकूण वाटचालीला काही दिशा आहे काय याचा शोध घेण्याचे. हा शब्दप्रयोग व्होल्तेरने १७६५ मध्ये रूढ केला. स्कॉटलंडमधील अॅडम स्मिथ आणि त्याच्या समकालीनांनी शिकार, पशुपालन, शेती आणि व्यापार अशा चार अवस्था कल्पिल्या. कांटनेही १७८४ मध्ये विश्वनागरिकत्वाच्या दृष्टीने जगाचा इतिहास लिहिता येईल असे सुचवले. अवस्थांच्या या शिडीत जो उदारपणा होता त्याच्या पोटातच धोकाही होता, कारण पायऱ्या मोजणारा स्वतःला नेहमी वरच्या पायरीवर पाहतो. जेम्स मिलने हिंदुस्थानात कधीही पाऊल न ठेवता १८१७ मध्ये हिंदुस्थानचा इतिहास प्रसिद्ध केला आणि त्यात याच मापाने येथील समाजाला खालची पायरी दिली. जर्मन विचारवंत हेर्डरने मात्र त्याआधीच, १७८४ पासून प्रसिद्ध होत गेलेल्या आपल्या ग्रंथात, प्रत्येक समाजाचे मोल युरोपच्या गजाने मोजण्यास विरोध केला होता.

कर्जत-खालापूरच्या डोंगरांत ही शिडी टिकत नाही. येथील कातकरी समाजाचे नावच खैराच्या लाकडापासून कात काढण्याच्या धंद्यावरून पडले आहे. रानात राहून शिकार व कंदमुळे यांवर गुजराण करणारा हा समाज सिद्धांतानुसार पहिल्या पायरीवरचा. पण त्याने शिजवलेला कात बाजारात, म्हणजे शेवटच्या पायरीवर, विकला जात होता. दोन्ही अवस्था एकाच माणसाच्या एकाच दिवसात नांदत होत्या. पुढे १८७८ च्या वन कायद्याने सरकारी जंगलांतली वहिवाट आवळली गेल्यावर हा धंदा खालावत गेला आणि आज याच तालुक्यांतली कातकरी कुटुंबे वीटभट्ट्यांवर हंगामी मजुरीला जातात. सरकारदरबारी त्यांची नोंद विशेष असुरक्षित आदिम जमात अशी आहे. ज्याला मागासलेपण म्हटले जाते त्यातला मोठा वाटा जंगल हातातून जाण्याचा आहे, आणि प्रगतीची कथा सांगताना हे नुकसान गाळले जाते, ही या विचारपरंपरेतली सर्वांत गंभीर चूक होय.

असे असले तरी मनुष्यमात्राच्या हक्कांची भाषा पूर्णपणे त्याज्य ठरत नाही, कारण ज्यांना कोणत्याही शिडीवर जागा नव्हती त्यांनीच ती उचलली. जोतीराव फुल्यांनी तरुणपणी टॉमस पेनचे मानवी हक्कांवरील पुस्तक वाचले आणि १८७३ मध्ये 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या सज्जनांना अर्पण केला. परक्याचे आतिथ्य करणाऱ्या समाजात घरच्याच माणसाला अस्पृश्य ठरवून पाणी नाकारले जाते, हा प्रश्न कांटच्या कलमात नव्हता. तो उभा राहिला खालापूर ज्यात येते त्याच जिल्ह्याच्या दक्षिणेला, तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातल्या महाडला. सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा समाजसुधारक बोले यांनी मांडलेला ठराव मुंबई विधिमंडळाने १९२३ मध्ये मंजूर केला होता, महाडच्या नगरपालिकेनेही तेथील चवदार तळे खुले केले होते, तरी प्रत्यक्ष पाणी घेण्यासाठी २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना हजारो अनुयायांसह तळ्यावर जावे लागले. त्याच वर्षीच्या डिसेंबरातील दुसऱ्या परिषदेत त्यांनी महाडच्या सभेची तुलना १७८९ च्या फ्रेंच राष्ट्रीय सभेशी केली. तळ्यावरील बहिष्कार ही अनादी काळापासूनची वहिवाट आहे, असा सवर्णांचा दावा न्यायालयात नऊ वर्षांहून अधिक काळ चालला आणि १९३७ च्या मार्चमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला की, ती वहिवाट अनादी असल्याचे सिद्ध झालेले नाही.