खलनायकाच्या शेजारची खुर्ची

'मायाबजार' या 1957 च्या तेलुगू चित्रपटात कौरवांकडचं वऱ्हाड लग्नासाठी येऊन उतरतं, तेव्हा त्यांच्या तैनातीत दोन भटजी असतात. वत्सलाहरणाची ही कथा मराठी वाचकाला नवी नाही; तेलुगूत वत्सलेची शशिरेखा होते, एवढंच. हे दोघे भटजी म्हणजे वरपक्षाचा माज पोटापुरता अंगात आलेली माणसं. पंगतीत सगळं आहे, पण अंबाडी कुठाय? तिच्याशिवाय आमचे धनी घासाला हात लावत नाहीत, असा त्यांचा आग्रह. मग घटोत्कचाच्या चेल्यांनी मांडलेला मायावी बिछाना त्यांना उलथून टाकतो, गालिचा गुंडाळून टाकतो आणि थिएटर हसून हसून बेजार होतं. एन. टी. रामाराव, अक्किनेनी नागेश्वरराव, सावित्री, एस. व्ही. रंगाराव अशा मातब्बरांच्या गर्दीत मिळालेली ही जेमतेम काही मिनिटं. त्या दोघांपैकी एक वंगर वेंकटसुब्बय्या. दुसरे अल्लू रामलिंगय्या.

पुढची जवळपास साडेचार दशकं रामलिंगय्या अशीच काही मिनिटं जमवत राहिले. त्यांच्या चित्रपटांची संख्या हजाराच्या वर सांगितली जाते. त्यांतले बहुतेक चित्रपट ज्यांच्या नावावर चालले, त्या पोस्टरवर त्यांचा चेहरा असलाच तर कोपऱ्यात. तरीही आज तेलुगू चित्रपटसृष्टीतल्या सर्वांत ताकदवान घराण्यांपैकी एकाला त्यांचं आडनाव आहे आणि त्यांनी 1972 मध्ये सुरू केलेली 'गीता आर्ट्स' ही संस्था अजून जोरात चालू आहे. बिनीचा नट कधीच नसलेला माणूस चित्रपटाचा मालक कसा होतो, हे समजून घ्यायचं तर आधी तो कोणत्या प्रकारचा नट होता हे पाहावं लागतं.

रामलिंगय्यांचा जन्म 1 ऑक्टोबर 1922 चा, पश्चिम गोदावरी जिल्ह्यातल्या पालकोल्लूचा. गोदावरीच्या मुखाजवळचा हा मुलूख म्हणजे कालवे, भातखाचरं आणि नारळीच्या बागा. पंचाराम म्हणून ओळखल्या जाणाऱ्या पाच शिवक्षेत्रांपैकी क्षीराराम याच गावात आहे. हातात पैसा, घरात धान्य आणि जिभेवर तिरकस बोलणं ही या भागाची ख्याती. तेलुगू विनोदी नटांपैकी बरेच जण याच पट्ट्यातून आले. नाटकाचं वेडही इथलंच. 1880 मध्ये धारवाडची नाटक मंडळी राजमहेंद्रीला खेळ करून गेली आणि त्यातून स्फूर्ती घेऊन समाजसुधारक कंदुकुरी वीरेशलिंगम यांनी तिथे तेलुगू नाटकं रंगवली. पुढे पद्यनाटकांचा जमाना आला. पेटीच्या सुरावर नट पौराणिक पद्यं आळवत आणि वन्समोअरवर वन्समोअर झडत. मराठी संगीत नाटक पाहून वाढलेल्या माणसाला हे सगळं ओळखीचं वाटेल.

विनोदी नटाला मात्र पद्याचा आधार नसतो. लांबलचक आलापीनंतर प्रेक्षक सुस्तावला की त्याने दोन वाक्यांत रंगमंच हलवायचा. गावातल्या रंगमंचावर रामलिंगय्या हे शिकले. बेचाळीसच्या चळवळीत ते होते आणि पुढे प्रजा नाट्य मंडळीत आले. 1943 मध्ये मुंबईत 'इप्टा' स्थापन झाली, तिचीच ही आंध्रातली शाखा. इकडे अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख यांचं लाल बावटा कलापथक जे करत होतं, तेच तिकडे ही मंडळी करत होती. बैलगाडीतून गावोगाव जायचं, कंदिलाच्या उजेडात जमीनदाराची नक्कल करायची आणि लोकांना हसवता हसवता पेटवायचं. कलापथकाच्या प्रेक्षकाने तिकीट काढलेलं नसतं. त्याला आवडलं नाही तर तो उठून घरी जातो. अशा प्रेक्षकासमोर नटाला एक गोष्ट पक्की कळते: सावकाराला शिव्या दिल्या की टाळ्या पडतात, पण सावकाराच्या मागे उभ्या असलेल्या लाळघोट्या कारकुनाची नक्कल केली की लोक गडाबडा लोळतात. सावकार प्रत्येकाने पाहिलेला असतो. कारकून मात्र घरातच कुणीतरी असतो.

मंडळीचे एक म्होरके डॉ. गरिकपाटी राजाराव यांनी 1953 मध्ये 'पुट्टिल्लु' हा चित्रपट काढला. जमुना या अभिनेत्रीचं पडद्यावरचं पदार्पण त्याच चित्रपटातलं आणि रामलिंगय्यांचंही. चित्रपट चालला नाही, पण त्यांना मद्रास दिसलं. तेव्हा तेलुगू चित्रपट मद्रासेतच तयार होत. वडपळनीच्या वाहिनी स्टुडिओत एका मजल्यावर द्वारका उभी असायची आणि शेजारच्या मजल्यावर दिवाणखाना. चरित्र नटाचं पोट कॉलशीटवर चालायचं. नायक-नायिकेच्या तारखा जुळल्या नाहीत की निर्माता विनोदाचा पदर आधी उरकून घेई, कारण सेटचं भाडं काही थांबत नाही. वेळेवर येणारा, संवाद पाठ असलेला, एका टेकमध्ये मोकळा होणारा नट निर्मात्याला सोन्यासारखा. रामलिंगय्या असे नट होते. कुटुंब पोसायला ही एवढी मिळकत पुरेल याची खात्री नसल्यामुळे असो की आवडीमुळे, त्यांनी होमिओपॅथीचा अभ्यास केला आणि आयुष्यभर लोकांना औषधं देत राहिले. राजमहेंद्रीच्या सरकारी होमिओपॅथी महाविद्यालयाला आज त्यांचं नाव आहे.

त्यांच्या आधी तेलुगू पडद्यावर रेलंगी आणि रमणा रेड्डी यांचं राज्य होतं. बरोबरीला पद्मनाभम आणि राजबाबू होते. रेलंगी भोळ्या माणसाचा विनोद करत, राजबाबू अंगविक्षेपांचा. रामलिंगय्यांनी घेतली ती जागा या दोघांनी सोडलेली होती. ते करत तो माणूस हसवणारा आहे, पण निरुपद्रवी नाही. तो कान भरतो, पत्रिका जुळवताना पैसे खातो, भाऊबंदकीत काडी टाकतो, मोठ्या माणसाच्या पायाशी बसतो आणि त्याची सावली सरकली की पळ काढतो. बारीक अंगकाठी, अनुनासिकाकडे झुकणारा चिरका आवाज, वाक्याच्या टोकाला येणारा हेल आणि समोरच्याच्या चेहऱ्यावरून न हलणारे डोळे, एवढ्या भांडवलावर त्यांनी हा माणूस शेकडो नावांनी उभा केला. हा आवाज इतका स्वतंत्र होता की त्यांच्यासाठी गाताना एस. पी. बालसुब्रह्मण्यम आपला गळा बाजूला ठेवून त्यांच्या ढंगात गात. 1976 च्या 'मनुषुलंता ओक्कटे'मधलं रमाप्रभाबरोबरचं त्यांचं द्वंद्वगीत ऐकताना पडद्यावरचा नटच गातोय अशी खात्री पटते.

ही कला जवळून पाहायची तर दिग्दर्शक बापूंचा 'मुत्याल मुग्गु' (1975) पाहावा. उत्तररामायणातली सीतेच्या त्यागाची कथा इथे गोदावरीकाठच्या एका श्रीमंत घरात घडते. रामलिंगय्या या घराचे नातलग आहेत, नाव जोगीनाथम. आपली मुलगी या घरात द्यायची त्यांची इच्छा होती आणि सून म्हणून आली भलतीच. तेव्हा ते एका कंत्राटदाराला गाठून त्या सुनेवर किटाळ आणण्याचं काम देतात. कंत्राटदाराची भूमिका राव गोपाल रावांची. मुळ्ळपूडी वेंकटरमणांनी त्याला लिहून दिलेले संवाद तेलुगू घरांत आजही तोंडपाठ आहेत. हा माणूस पहाटेचा सूर्य उगवताना पाहून त्यावर रसिकासारखं बोलतो आणि पदरी वाजंत्री बाळगतो. मनासारखं काही झालं की वाजंत्र्यांनी लगेच वाजवायचं.

आता या प्रसंगांत रामलिंगय्यांकडे पाहा. त्यांच्या वाट्याला वाक्यं थोडी आहेत. ते ऐकतात. कंत्राटदार थंडपणे काहीतरी भयंकर बोलतो, त्यातलं अर्धं जोगीनाथमच्या डोक्यावरून जातं आणि उरलेलं अर्धं कळल्यावर तोंडाला कोरड पडते. आपण ज्याला कामाला लावलं तो आपल्यालाच गिळेल, हे त्याला दर भेटीत थोडं थोडं उमगत जातं. राव गोपाल रावांचा खलनायक अवजड वाटत नाही याचं अर्धं श्रेय या ऐकणाऱ्याचं. खलनायकाला बोलायला श्रोता लागतो, आणि श्रोता जितका भित्रा तितका खलनायक मोठा होतो. नायकाबरोबर भ्यायला प्रेक्षक तयार नसतो. जोगीनाथमबरोबर मात्र तो सहज भितो, कारण जोगीनाथमची लालूच त्याला अगदीच परकी नसते. त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट तेलुगू चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार याच चित्रपटाला मिळाला. राव गोपाल राव आणि रामलिंगय्या ही जोडी पुढे इतक्या चित्रपटांत दिसली की एक आला की दुसऱ्याची वाट पाहायची प्रेक्षकाला सवय लागली.

हाच नट साधा माणूस करू शकतो का, याचं उत्तर दिग्दर्शक के. विश्वनाथ यांनी 'शंकराभरणम्'मध्ये दिलं. 1980 चा हा चित्रपट तेलुगू मुलखाबाहेरही गाजला. मराठी प्रेक्षकाने रामलिंगय्यांना कुठे पाहिलं असेलच, तर ते बहुधा इथे. शंकरशास्त्री हा ताठ मानेचा गवई. माधव हा त्याचा वकील मित्र. शास्त्रीबुवांना तोंडावर बोलायची हिंमत गावात एकट्या माधवची. जी तिरकी जीभ इतर चित्रपटांत कान भरायला वापरली, तीच इथे मित्राला भानावर आणायला वापरली आहे. आवाज तोच, हेल तोच, फक्त डोळ्यांतला हिशेब गेलेला.

आणि हिशेब तर या माणसाला उत्तम येत होता. 1972 मध्ये, वयाच्या पन्नाशीला, त्यांनी 'गीता आर्ट्स' काढली. इकडे त्याच सुमाराला, 1971 मध्ये, दादा कोंडके 'सोंगाड्या' काढून स्वतःच निर्माते झाले होते. तेही सेवादलाच्या कलापथकातूनच आलेले. दोघांत फरक असा, की दादांनी आपल्यासाठी नायकाची भूमिका लिहवून घेतली. रामलिंगय्यांनी संस्था स्वतःची काढली, पण पडद्यावरची आपली जागा बदलली नाही.

संस्थेचा पहिला चित्रपट 1974 चा 'बंट्रोतु भार्या', म्हणजे शिपायाची बायको. कृष्णम राजू आणि विजयनिर्मला प्रमुख भूमिकांत, आणि दिग्दर्शक दासरी नारायणराव. दासरीही पालकोल्लूचेच, वीस वर्षांनी लहान, दिग्दर्शक होऊन दोनच वर्षं झालेले. त्या काळी तेलुगू निर्मात्याचा धंदा मुख्यतः वितरकाच्या आगाऊ रकमेवर उभा असे. निझाम म्हणजे तेलंगण, सीडेड म्हणजे रायलसीमा आणि उरलेला किनारी आंध्र जिल्ह्याजिल्ह्यांत वाटलेला, अशी त्यांची बाजारपेठेची वाटणी आजही चालते. या वितरकाला विश्वास देईल असं नाव निर्मात्याकडे लागे. मोठ्या नायकाच्या तारखा परवडत नसतील तर कथा आणि चोख काम हाच विश्वास. वीस वर्षं सगळ्या कंपन्यांच्या सेटवर बसून कुणाचा पैसा कुठे वाया जातो हे पाहिलेल्या चरित्र नटाला ते ठाऊक असणार यात नवल नाही. नायक चित्रपटाच्या मध्यभागी असतो, त्याला चित्रपट दिसत नाही. कडेला बसलेल्याला सगळा दिसतो.

पुढे संस्थेचा कारभार मुलगा अल्लू अरविंद यांनी हाती घेतला आणि 1980 मध्ये मुलगी सुरेखा हिचं लग्न चिरंजीवी या होतकरू नटाशी झालं. चिरंजीवीही पश्चिम गोदावरीचेच, मोगलतूरचे. त्यांचा पहिला चित्रपट येऊन दोनच वर्षं झाली होती. जावई मेगास्टार झाला आणि संस्थेचं गणितच बदललं. 'विजेता' (1985), 'पसिवाडि प्राणम' (1987), 'अत्तकु यमुडु अम्मायिकि मोगुडु' (1989) हे चिरंजीवींचे चित्रपट 'गीता आर्ट्स'चे. 1990 चा 'प्रतिबंध' या घराने हिंदीत काढला. 2008 च्या आमिर खानच्या 'गजनी'च्या निर्मात्यांतही अरविंद होते. देशात शंभर कोटींचा टप्पा ओलांडणारा तो पहिला हिंदी चित्रपट मानला जातो. राजमौलींचा 'मगधीरा' (2009), 'अला वैकुंठपुरमुलो' (2020), त्याच वर्षी सुरू झालेलं 'आहा' हे ओटीटी, असा हा पसारा.

रामलिंगय्यांना 1990 मध्ये पद्मश्री मिळाली. तेलुगू विनोदी नटांत त्यांच्याआधी हा मान 1970 मध्ये रेलंगींना मिळाला होता. 2001 मध्ये आंध्र सरकारचा रघुपती वेंकय्या पुरस्कार आला. 2003 मध्ये नातू अल्लू अर्जुन 'गंगोत्री'तून नायक झालेला त्यांनी पाहिला. 31 जुलै 2004 ला हैदराबादला त्यांचं निधन झालं. 1 ऑक्टोबर 2022 ला, त्यांच्या जन्मशताब्दीच्या दिवशी, हैदराबादजवळ अल्लू स्टुडिओ सुरू झाला. पोटासाठी दुसऱ्यांच्या स्टुडिओत कॉलशीट मोजणाऱ्या माणसाच्या नावाचे आता स्वतःचे मजले आहेत.

या घराण्याने पुढे एकाहून एक नायक दिले. अल्लू अर्जुनला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तेलुगू नटाला तो प्रथमच मिळत होता. मात्र आजोबांच्या जातीचा नट घरात पुन्हा झाला नाही, आणि ते समजण्यासारखं आहे. आजच्या नायकप्रधान चित्रपटात खलनायकालाच बोलायला वेळ मिळत नाही, मग त्याच्या श्रोत्याला कुठून मिळणार? तरीही 'गीता आर्ट्स'च्याच 'जीए टू' या धाकट्या शाखेने 'भले भले मगाडिवोय' किंवा 'गीता गोविंदम'सारखे बेताच्या खर्चाचे चित्रपट काढले, तेव्हा ते चालले ते काका, सासरे, मित्र, शेजारी अशा कडेच्या माणसांच्या बळावरही. शिपायाच्या बायकोपासून सुरुवात केलेल्या संस्थेला हे जमतं यात आश्चर्य नाही. नायकाच्या तारखा मिळवणं हा भांडवलाचा प्रश्न असतो. नायकाशेजारी कोणाला बसवायचं, हे ज्याला कळतं तो निर्माता, आणि रामलिंगय्यांना ते कळत होतं, कारण आयुष्यभर ते तिथेच बसले होते.