डॉ. जॉन विल्सन : धर्मोपदेशक ते कुलगुरू

आपल्या वेरूळच्या लेण्यांवर ज्यांनी सुरुवातीच्या काळात लिहिलं, त्यांत एक मिशनरी होते – डॉ. जॉन विल्सन. जन्म १८०४, स्कॉटलंड. १८२९ ला ते मुंबईत आले, तेही धर्मप्रसारासाठी. पण आधी कोकणात हर्णैला राहून मराठी शिकले.

पत्नी मार्गारेट यांनी मुलींच्या शाळा काढल्या. विल्सन यांनी १८३२ मध्ये सुरू केलेली शाळा म्हणजेच पुढचं विल्सन कॉलेज. १८३९ ला दोन पारशी तरुणांनी बाप्तिस्मा घेतला. प्रकरण कोर्टात गेलं. पालकांनी पटापट मुलं काढून घेतली. तरी शाळा टिकली.

१८५० मध्ये त्यांचा पश्चिम भारतातील लेण्यांवरचा लेख प्रसिद्ध झाला. १८६८ साली ते मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू, म्हणजे व्हाइस चान्सलर झाले. १८७५ ला मुंबईतच त्यांचं निधन झालं.

त्यांचा धर्मांतराचा हेतू अनेकांना पटला नाही, आजही पटणार नाही. तो प्रश्न बाजूला सारू नका, त्यावर वर्गात जरूर बोला. पण ज्यांना शिकवायचं त्यांची भाषा आधी आपण शिकायची, एवढं मात्र त्यांच्याकडून घेण्यासारखं आहे.